पुण्यातले दोन पगार की श्टुटगार्टचा एक?

चाकणवासी

चाकणच्या एका कंपनीत डिझाइनला आहे. कंपनीने श्टुटगार्टजवळच्या मुख्य कार्यालयात जागा देऊ केली आहे, तिकडच्या स्थानिक करारावर. वर्षाला ६८,००० युरो, कापाकापीच्या आधी. महिनाअखेरीला हो-नाही सांगायचंय. ऑफिसात जो तो ‘अडुसष्ट लाख!’ म्हणून पार्टी मागतोय. माझं मत उलटं आहे आणि कुणी ते खोडून काढलं तर बरंच: दोघं कमावत्या पुणेरी घराला जर्मनीतला एक पगार परवडत नाही.

आमचा पुण्याचा महिना सांगतो. माझे हातात एक लाख साठ, बायकोचे पंच्याऐंशी. ती सीएच्या ऑफिसात जीएसटी आणि ऑडिट बघते. वाकडच्या टूबीएचकेचा हप्ता ४२,०००, मेंटेनन्स साडेचार, मुलाची शाळा आणि व्हॅन चौदा, किराणा-दूध-भाजी अठरा, स्वयंपाकाच्या मावशी आणि धुणं-भांडी मिळून साडेआठ, दोन गाड्यांचं पेट्रोल नऊ. वीज, विम्याचे हप्ते, हॉटेल, लग्नकार्यं, आहेर वगैरे चोवीस. एक लाख वीस हजारात महिना निघतो, सव्वा लाख उरतात.

तिकडे बायको घरी असेल तर कर-वर्ग तीन, म्हणजे एकट्या कमावत्याचा कर कमी कापणारा. त्यात महिन्याला साधारण ३,९०० हातात येतील. मुलापायी सरकार २५९ देतं. भाडं हीटिंगसकट १,६००, किराणा ६००, वीज-इंटरनेट १३०, दोघांचे बस-लोकलचे मासिक पास, म्हणजे डॉइचलांडटिकेटं, १२६, घरी टीव्ही असो-नसो प्रसारणाची वर्गणी १८.३६, शाळेनंतरची सोय आणि मुलाचं जेवण १५०, कपडेलत्ते-फिरणं ३५०, किरकोळ विमे ३०, वर्षातून एकदा पुण्याला यायची तिकिटं महिन्यावर वाटून २२०. उरले नऊशे तीसच्या आसपास. युरो शंभराला धरला तर त्र्याण्णव हजार. वाकडच्या फ्लॅटचं तीस हजार भाडं आलं तरी हप्ता-मेंटेनन्सला साडेसोळा हजार वर घालावे लागणार. राहिले साधारण शहात्तर हजार. सव्वा लाखाचे पाऊण लाख करायला एवढ्या लांब कशाला जायचं?

नेकरकाठचा

श्टुटगार्टातच राहतो. भाड्याचा आकडा बरोबर आहे, किराण्याचाही. पहिल्या तीन महिन्यांचा खर्च मात्र तुमच्या हिशेबात नाहीच. इथे घर ‘रिकामं’ म्हणजे किती रिकामं, ते वाकडच्या सेमी-फर्निश्डवर वाढलेल्या माणसाला कळत नाही. आधीचा भाडेकरू ओटा, सिंक, शेगडी, कपाटं सगळं उचकटून घेऊन जातो. स्वयंपाकघरात नळाची दोन तोंडं आणि भिंतीतून आलेली शेगडीची जाड वायर. छताला दिवेसुद्धा नसतात, नुसत्या वायरी लोंबत असतात. एक तर जाणाऱ्याकडून त्याचा जुना ओटा विकत घ्या, नाहीतर नवा बसवा. नव्याला सहज दोन-तीन हजार युरो जातात. वर अनामत, कायद्याने जास्तीत जास्त तीन महिन्यांच्या मूळ भाड्याइतकी. हीटिंग वगैरे त्यात धरत नाहीत. ती तीन हप्त्यांत द्यायचा हक्क तुम्हाला आहे, घरमालक आपणहून सांगत नाही.

एवढं असूनही तुमचं मत चुकलेलंच आहे. हातात येणाऱ्या ३,९०० मधून आरोग्य विमा आधीच कापला गेलाय, आणि सरकारी विमा घेतलात तर न कमावणारी बायको आणि मूल त्याच हप्त्यात येतात. मूल तापलं, डॉक्टरकडे गेलात, कार्ड दाखवलं, घरी आलात. नोकरीच्या बारा महिन्यांनंतर कामावरून काढलंच तर मूल असलेल्याला शेवटच्या निव्वळ पगाराच्या ६७ टक्के बेकारभत्ता काही महिने मिळतो. पाच वर्षं वर्गणी भरली की म्हातारपणी जर्मन पेन्शनचा हक्क. हे सगळं पुण्यात विकत घ्यायला गेलात तर केवढ्याला पडेल? शिल्लक शिल्लक काय करताय! तुमचे पुण्यातले सव्वा लाख उरतात ते एकही मोठं दुखणं घरात आलं नाही म्हणून.

कोथरूडची_सून

सगळी पुरुषमंडळी दिसतायत, म्हणून मध्ये बोलते. आम्ही चार वर्षं म्युनिकला काढून परत आलो. चाकणवासींनी मावशींचे साडेआठ हजार खर्चात धरले, श्टुटगार्टच्या यादीत त्या रकान्यात काय लिहिलंय? काहीच नाही. म्हणजे स्वयंपाक, भांडी, केर-फरशी, कपडे, मुलाला शाळेत सोडणं-आणणं, रविवारी दुकानं बंद म्हणून शनिवारी सामानाच्या पिशव्या ओढणं, हे सगळं कोण करणार? जिचा पंच्याऐंशी हजारांचा पगार तुम्ही शून्य केलात तीच. तिचा पगार तर गेलाच, वर साडेआठ हजारांचं काम फुकटात तिच्या गळ्यात. खर्चाच्या कुठल्याही तुलनेत हे येत नाही.

पेठकरी

ताई, अर्धं पटलं. उरलेलं अर्धं ऐका. पुणं स्वस्त आहे असं आपण म्हणतो ते कुणाच्या जिवावर? वाकडात दोन वेळचा स्वयंपाक महिनाभर साडेपाच हजारात होतो कारण मावशींना तेवढ्यावर भागवावं लागतं. त्यांना सुट्टी मागायची तर आपलं तोंड वाकडं होतं. जर्मनीत कामवाली परवडत नाही हा जर्मनीचा दोष म्हणून सांगणं, हे जरा अतीच झालं.

आणि पुण्यात आपण प्रत्येक गोष्टीचे दोनदा पैसे भरतो. पालिकेचा कर भरून टँकर. आयकर भरून खासगी शाळा. बस असून दोन गाड्या, कारण ती बस कधी येईल ते ड्रायव्हरलाही ठाऊक नसतं. मेट्रो २०२२ पासून धावते आहे, पण वाकडहून चाकणला ती कुठे नेतेय? जर्मन माणसाचे पैसे पगारातूनच कापून घेतात, आपण नंतर हौसेने भरतो.

हिशेबनीस

भावनेत वाहून जाण्याआधी दोन मुद्दे. युरोला शंभराने गुणणं फक्त पुण्याला पाठवायच्या पैशापुरतं योग्य आहे. जे युरो श्टुटगार्टात खर्च होणार त्यांचा विनिमय दराशी काय संबंध? ‘सोळाशे युरो भाडं, म्हणजे एक लाख साठ हजार!’ असं घाबरायचं कारण नाही.

मग कोणी क्रयशक्तीचा आकडा घेऊन येतं. जागतिक बँकेचं गणित ढोबळ धरलं तर डॉलरभर सामान भारतात वीसेक रुपयांत येतं आणि जर्मनीत सुमारे ०.७ युरोत. त्या हिशेबाने एक युरो म्हणजे अठ्ठावीस-तीस रुपये. ३,९०० युरो म्हणजे जेमतेम एक लाख दहा-पंधरा हजार. घ्या, चाकणवासी जिंकले! पण तो दर साऱ्या देशाच्या सरासरी टोपलीवरचा आहे. त्यात विदर्भातलं खेडं आहे, धारावी आहे. वाकडच्या तुमच्या टोपलीत कंपनीचा लॅपटॉप, आयफोन, चीज, ओट्स, दोन गाड्या, खासगी शाळा. फोन दोन्हीकडे जवळपास सारख्याच किमतीला, कधी भारतात महाग. लिटरभर दूध इथे साठच्या आसपास, तिकडे युरोभर. केस कापणं मात्र इथे दीडशे-दोनशे, तिकडे पंचवीस-तीस युरो. जिथे माणसाचे हात लागतात तिथे जर्मनी महाग, जिथे कारखाना लागतो तिथे फारसा फरक नाही. तुमच्या घरात कुठलं जास्त लागतं ते तुम्हीच बघा. तयार निर्देशांक सांगणारी संकेतस्थळं हे सांगत नाहीत.

चाकणवासी

हिशेबनीस, मुद्दा मान्य. पण मी तेच तर केलंय. प्रत्येक खर्च त्या त्या देशाच्या पैशात काढला आणि उरलेल्यालाच गुणलं.

नेकरकाठचे, पेन्शनचं ठीक आहे, पण मी पाच वर्षं राहीनच असं नाही. मुलगा सहा वर्षांचा आहे, यंदा पहिलीत. सरकारी शाळा फुकट आहे, पण जर्मन माध्यमाची. तीन वर्षांनी परतलो तर तो जर्मनमध्ये गणित करणारा आणि मराठी वाचता न येणारा चौथीतला पोरगा. त्याला इथल्या सीबीएसईत बसवायचा खर्च कोणत्या रकान्यात लिहू? आणि आईवडील चिंचवडला आहेत. २०२४ पासून ब्लू कार्डवाल्यांना (म्हणजे उच्चशिक्षित परदेशी नोकरदारांचा परवाना असलेल्यांना) आईवडिलांना न्यायची सोय कागदावर झाली, पण त्यांचा आरोग्य विमा आपण दाखवायचा, आणि सत्तरीतल्या माणसाला तो परवडेल अशा दरात कोण देतं?

जर्मन_शिकवते

रानडे इन्स्टिट्यूट, मॅक्सम्युलर भवन आणि घरगुती शिकवण्या, पुण्यात जर्मन शिकायला जेवढी सोय आहे तेवढी भारतात फार थोड्या शहरांत असेल. धाग्याचा कळीचा मुद्दा बायकोचा पगार आहे आणि तुम्ही सगळे त्याला कायमचा शून्य धरून बसलाय.

ब्लू कार्डवाल्याच्या जोडीदाराला व्हिसासाठी जर्मनची परीक्षा लागत नाही आणि पहिल्या दिवसापासून कुठलंही काम करता येतं. पण हिशेबाच्या ऑफिसात काम मिळवायचं तर बी-टू, म्हणजे ए-वनपासून मोजली तर जर्मनची चौथी पायरी, हवंच. रोज दोन-तीन तास दिले तरी शून्यातून बी-टूला वर्ष-दीड वर्ष जातं. हे वर्ष-दीड वर्ष श्टुटगार्टात, मूल सांभाळत, घरात एकच पगार असताना काढायचं, की निम्मं पुण्यात, मावशी आणि आजी-आजोबा हाताशी असताना? माझ्या वर्गात दर तुकडीत अशा दोघी-तिघी असतात, नवरा आधी गेलेला आणि ह्या बी-वन उरकून निघणार. तुम्ही आधी जा, ती आठ-दहा महिन्यांनी येऊ दे. तोवर तिचे पंच्याऐंशी हजारही चालू राहतील.

कोथरूडची_सून

आणि तेवढे महिने घर, मूल, नोकरी, सासू-सासरे, वर रात्री दत्तिव्ह-अक्कुझातिव्हच्या विभक्ती! छान आहे. बी-टू झाल्यावरही तिला जीएसटी येतो, जर्मन कर कायदा येत नाही. दहा वर्षांचा अनुभव बाजूला ठेवून पावत्या लावायच्या कामापासून सुरुवात. मी केलंय ते काम. पैसे मिळतात, हुद्दा मिळत नाही.

नेकरकाठचा

अहो पण पावत्या लावायच्या अर्धवेळ कामाचेही हातात हजार-बाराशे येतात! पाऊण लाखाचे तिथल्या तिथे पावणेदोन लाख झाले. पुण्यातल्या शिल्लकेच्या वर गेले की. आणि ऑगस्ट २०२६ पासून पहिलीच्या मुलांना दिवसभराच्या सांभाळाचा कायदेशीर हक्क लागू, म्हणजे तिला वेळही मिळेल.

हिशेबनीस

नेकरकाठचे, घाई करू नका. तिने कमवायला लागलं की कर-वर्गांची वाटणी बदलते. नवरा तीनमध्ये, बायको पाचमध्ये अशी जोडी ठेवलीत तर तिच्या पगाराला जबर कात्री लागते. वर्षअखेरीच्या विवरणात दोघांचं एकत्र होऊन बराचसा हिशेब जुळतो, पण महिन्याचे हातात येणारे बाराशे धरू नका.

चाकणवासी, तुम्हाला एकच गोष्ट विचारतो, जी आधी विचारायला हवी होती. स्थानिक करारच का? भारत आणि जर्मनीत सामाजिक सुरक्षेचा करार १ मे २०१७ पासून लागू आहे. कंपनीने तुम्हाला भारतातल्या नोकरीवर ठेवून प्रतिनियुक्तीवर पाठवलं आणि ईपीएफओकडून, म्हणजे पीएफच्या कार्यालयाकडून, तुम्ही इथल्याच योजनेत आहात असं कव्हरेजचं प्रमाणपत्र काढलं, तर ४८ महिन्यांपर्यंत जर्मन पेन्शनची वर्गणी कापली जात नाही. तुमचा हिस्सा पगाराच्या ९.३ टक्के आहे, म्हणजे ६८,००० वर वर्षाला सहा हजारांहून जास्त युरो. इथला पीएफ चालू राहतो. तीन वर्षांत परतायचं मनात असेल तर ही मोठी रक्कम आहे. आरोग्य विमा त्या करारात येत नाही, त्याची सोय वेगळी बघावी लागेल. एचआरला लेखी विचारा. तोंडी विचारलंत तर ‘पॉलिसी नाही’ एवढंच उत्तर मिळतं.

चाकणवासी

हे मला कुणीच सांगितलं नव्हतं. उद्याच मेल टाकतो. ओट्याचे आणि अनामतीचे पैसे स्थलांतर भत्त्यात मागतो, तेही नेकरकाठच्यांमुळे सुचलं. पण मत अजून बदललेलं नाही. एका पगारावर जाणं तोट्याचंच आहे. बायको म्हणते, आधी ए-वनच्या वर्गाला जाऊन बघते, झेपलं तर बोलू.

वाकडच्या फ्लॅटचं काय? आत्ताच एका भाडेकरूशी बोललो, घरमालक परदेशात आहे म्हटल्यावर तो मागे सरला.

हिशेबनीस

सरणारच. मालक अनिवासी झाला की भाडेकरूला भाड्यातून टीडीएस कापून भरावा लागतो, त्यासाठी टॅन, म्हणजे कर कापणाऱ्याचा नंबर, काढावा लागतो. दर उपकरासकट ३१.२ टक्के, म्हणजे तीस हजारांतून नऊ हजार तीनशे साठ. तुमच्या हातात वीस हजार सहाशे चाळीसच येतील, बाकीचे विवरणपत्र भरून परत मागायचे. तुमच्या शहात्तर हजारांतून तूर्त तेवढे आणखी वजा करा. कंपनीच्या नावाने भाड्याने घेणारा भाडेकरू बघा, त्यांच्या हिशेब खात्याला हे रोजचं आहे. आणि बचत खातं एनआरओ, म्हणजे अनिवासींचं, करायला विसरू नका.

पेठकरी

म्हणजे श्टुटगार्टचं भाडं परवडेल, वाकडचं परवडणार नाही. फ्लॅट विका नाहीतर आईवडिलांना चिंचवडहून वाकडला आणा. लिफ्ट आहे ना?

चाकणवासी

लिफ्ट आहे. वडील तयार नाहीत, त्यांचा सकाळचा कट्टा चिंचवडला आहे.