वाफेच्या इंजिनाचे फोटो आणि कोकणी माणूस: 'तुमचा काय संबंध?' म्हणणाऱ्यांना उत्तर

निगेटिव्हवाला, देवगड
परवा एका गटात कुणीतरी लिहिलं: "वाफेच्या इंजिनांचे शेवटच्या काळातले फोटो हा पैसेवाल्यांचा आणि गोऱ्या पाहुण्यांचा छंद. कोकणात रेल्वे आली ती डिझेलवर. ज्यांच्या गावात आगगाडीच नव्हती त्यांनी धुरासाठी उसासे टाकू नयेत." खाली अंगठ्यांची रांग. दोन दिवस गप्प बसलो, आता राहवत नाही.

आधी भूगोल. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून ठाण्याला गाडी गेली, ती कोकणातच धावली ना? नेरळ-माथेरान १९०७ ची. दिवा-पनवेलही कोकणातच. रत्नागिरी-सिंधुदुर्गात रूळ नव्हते हे मान्य, पण तळकोकण म्हणजे सगळं कोकण नव्हे.

आता पैशाचं. माझी मावशी मिरजेला. दिवाळीत आम्ही एसटीने गगनबावड्याचा घाट चढून कोल्हापूरला आणि तिथून गाडीने मिरजेला. तेव्हा मिरजेत तीन रुंदीचे रूळ होते: ब्रॉडगेज, लोंड्याकडे जाणारं मीटरगेज आणि पंढरपूर-कुर्डुवाडीकडचं नॅरोगेज. १९८४ च्या दिवाळीत मावसभावाचा आगफा क्लिक थ्री कॅमेरा मागून घेतला. रोलचे पैसे मे महिन्यात काजूबिया विकून साठवलेले. एका रोलमध्ये बारा फोटो. शटरचा वेग एकच, बाकी 'ऊन' आणि 'ढग' अशा दोन खुणा. धावत्या गाडीवर धरला की फोटोत नुसता करडा फराटा येणार. म्हणून गाडी सुटायच्या बेतात असताना, पहिल्या दोन-तीन फुसकाऱ्यांत काय मिळेल ते घ्यायचं, आणि तेही पहाटे. दुपारच्या उन्हात वाफ बाहेर पडते आणि डोळ्यांदेखत विरून जाते, फोटोत काही उरत नाही. गारठ्यात तीच वाफ कापसाच्या गंजीसारखी फलाटभर उभी राहायची. पुढे एका स्टेशनात पोलिसाने परवाना विचारला, मागचं झाकण उघडून रोल उन्हात ओढला. बाराच्या बारा गेले. त्या दिवशी मी रडलो होतो. हा पैसेवाल्याचा छंद?

चित्तरंजनला शेवटचं वाफेचं इंजिन १९७२ ला तयार झालं. ब्रॉडगेजवरची नेहमीची शेवटची वाफेची गाडी ६ डिसेंबर १९९५ ला, जालंधर-फिरोजपूर मार्गावर. मधली तेवीसेक वर्षं सगळ्यांना कळत होतं की हे संपणार आहे. जे थोडंफार नोंदलं गेलं ते हातात कॅमेरा घेऊन उभ्या राहिलेल्या वेड्यांनी नोंदलं.

शेडवरचा, रत्नागिरी
तुमच्या फोटोंत माणसं किती आहेत, एवढंच सांगा.

माझे वडील मीटरगेजवर फायरमन. आधी सेकंड, मग फर्स्ट. सेकंड फायरमन म्हणजे टेंडरवर, इंजिनामागच्या कोळशाच्या डब्यावर, उभं राहून कोळसा फोडून पुढे ढकलणारा. आपल्या कोळशात राख भरपूर, भट्टीच्या जाळीवर खंगर, म्हणजे वितळून घट्ट झालेली राख, धरायचा. तो लांब सळीने फोडायचा, खाली पाडायचा, हे सगळं उघड्या भट्टीसमोर. पुढून भाजायचं आणि पाठीला थंडीचा वारा. वडिलांच्या उजव्या हातावर मनगटापासून कोपरापर्यंत एकही केस नव्हता. लहानपणी मला वाटायचं, सगळ्यांच्या बापाचा हात असाच गुळगुळीत असतो.

आणि तुमचे फोटो! इंजिन पुढून तिरकं, चाकं लख्ख, वर काळ्या धुराचा लोट. तो काळा धूर म्हणजे न जळलेला कोळसा. आग नीट लावली तर चिमणीतून पातळ, करडा धूर निघतो. काळा दिसला की इन्स्पेक्टर झापायचा. आणि हे छांदिष्ट लोक ड्रायव्हरला सिगारेटचं पाकीट देऊन सांगायचे, जरा काळा काढा. वडिलांनी हे डोळ्यांनी पाहिलंय. ज्याला तुम्ही सौंदर्य म्हणता ती आमच्या घरात कामातली चूक होती.

निगेटिव्हवाला
मी कधी कुणाला धूर काढायला सांगितलं नाही. माझ्याकडे सिगारेटचे पैसे असते तर आणखी एक रोल नसता घेतला?

बोटीचो माणूस, मालवण
तुम्ही दोघंय घाटावरच्या रुळावर भांडतास. आमच्याकडे आगगाडी नव्हती, आगबोट होती! तिचो फोटो कोणाकडे आसा?

बोटीची गोष्ट मराठीत सांगतो, सगळ्यांना कळू दे. मालवणला धक्क्याला बोट लागत नव्हती. ती बाहेर उभी. पडावात बसून जायचं, लाट वर आली की शिडी धरायची. एका हातात पोर, दुसऱ्या हातात फणसाचं पोतं. माझी आजी म्हणायची, पाय उचलण्याआधी रामेश्वराचं नाव घे. डेकवर चटई टाकून रात्र काढायची आणि भाऊच्या धक्क्याला उतरायचं. पावसाळ्यात बोट बंद, म्हणजे चार महिने मुंबईचा माणूस मुंबईत आणि गावचा गावात. आमच्या चार पिढ्या वाफेवर मुंबईला गेल्या. इंजिनाच्या फोटोंची प्रदर्शनं भरतात, बोटीवर एक बरा अल्बम मिळत नाही.

करबुडे
बोट वाफेची होती कुठे? कोकण सेवक, कोकण शक्ती या डिझेलवर चालायच्या.

बोटीचो माणूस
तू चढलेलास? आमच्या घरी शेवटपर्यंत 'आगबोट'च म्हणत. रामदास वाफेचीच होती. १७ जुलै १९४७ ला मुंबईहून अलिबागजवळच्या रेवसला जाताना बुडाली, सहाशेच्या वर माणसं गेली. अमावास्या होती म्हणून चाकरमानी घरी निघालेले. महिनाभराने स्वातंत्र्य आलं आणि ती माणसं झेंडा न बघताच गेली. इंजिनाच्या चाकांचे दांडे मोजत बसणाऱ्यांना विचारा, रामदासवरच्या माणसांची नावं कुणी मोजली?

करबुडे
रामदासबद्दल मी काही बोललोच नाही. सेवक आणि शक्तीबद्दल बोललो. नंतरच्या बोटी डिझेलच्या आणि तुम्ही त्यांना वाफेच्या यादीत घालताय. आठवण आणि नोंद यांत फरक असतो.

बोटीचो माणूस
नोंद कोण ठेवणार होतं? तुझा जन्म व्हायचा होता. बरं, शेवटच्या दोन डिझेलच्या. लिहून ठेव. पण आजी ज्या बोटीने लग्न होऊन मुंबईला गेली ती कोळशावर होती, आणि तिचा फोटो नाही. माझं म्हणणं तेवढंच आणि ते मी सोडणार नाही.

नेरळ फाटा
बोट बाजूला ठेवाल का जरा? माथेरानच्या इंजिनाचं कुणी नावच काढत नाही. दोन फुटी रूळ, जर्मनीहून आणलेली ओरेनस्टाइन अँड कोपेलची चार इंजिनं. वळणं इतकी आवळ की पुढची-मागची चाकं वळणाबरोबर सरकतील अशी खास बांधणी करावी लागली. १९८२ च्या सुमारास डिझेल आलं. आमचं घर रुळाला लागून. आई वाळत घातलेले पापड गाडीच्या वेळेला आत घ्यायची, नाहीतर काजळीचे ठिपके. डिझेल आल्यावर ती म्हणाली, "सुटले बाई." मला मात्र सवयीने सकाळी जाग यायची आणि आवाज वेगळाच. शेडवरच्यांचं मला पटतं, पण फोटो काढणाऱ्यांना चोर ठरवणं पटत नाही.

शेडवरचा
चोर म्हटलेलं नाही. पण मे १९७४ च्या रेल्वे संपात वडील घरी नव्हते, कुठे आहेत ते आम्हाला आठ दिवस माहीत नव्हतं. आईने मंगळसूत्र मोडून घर चालवलं. तो संप इंजिनाच्या केबमधून निघाला. त्याच सालातले हौशी लोकांचे फोटो मी पाहिलेत, आणि त्यांच्या खाली इंजिनाचा नंबर, चाकांची मांडणी, एवढंच. आमच्या माणसाचं तोंडही कडेला कापलेलं असतं. तुमच्या छंदाने माणूस वगळला, हे मी सहन करणार नाही.

निगेटिव्हवाला
काल रात्री पत्र्याची पेटी काढली. वाचलेल्या निगेटिव्ह खिडकीच्या काचेला टेकवून एकेक पाहिल्या. चाळीसपैकी माणूस दिसेल अशा चार. त्यांतल्या दोनांत तो चुकून आलाय. एकात फक्त हात, खिडकीच्या कडेला, मुठीत सुती फडका. म्हणजे तुमचं बरोबर आहे, आणि मला ते आवडलेलं नाही.

पण एक सांगतो. फुकट घालवायला फ्रेम नव्हती. बारांतली एक फ्रेम माणसावर घातली तर इंजिन जाणार आणि इंजिनच तर जायला निघालं होतं. माणसं राहतील असं वाटलं. सोळा वर्षांचा होतो.

करबुडे
मी पुढच्या पिढीचा, म्हणून वेगळं बोलतो. २०२२ ला कोकण रेल्वेचं विद्युतीकरण पूर्ण झालं. रत्नागिरीजवळच्या पानवलच्या ६४ मीटर उंच पुलावरून जोडीने जाणारी डिझेल इंजिनं मी त्याआधीची दोन वर्षं फोनवर टिपली. लोक हसायचे, डिझेलचे कसले फोटो काढतोस? आता तेच मागतात. फोनला रोल लागत नाही, तरीही माझ्या शेकडो फोटोंत लोको पायलट, म्हणजे इंजिनाचे ड्रायव्हर, किती आहेत ते आत्ताच पाहिलं. नऊ. निगेटिव्हवाल्यांकडे निदान बाराच फ्रेम होत्या. माझ्याकडे ती सबब नाही.

नेरळ फाटा
मग आता काढ. त्यांच्या परवानगीने.

बोटीचो माणूस
आणि रेवसला जाऊन म्हाताऱ्यांना बोटीबद्दल विचारून ये. जे सांगतील ते लिहून घे.

शेडवरचा
निगेटिव्हवाले, तो हाताचा फोटो कुठल्या गाडीचा?

निगेटिव्हवाला
मिरज, मीटरगेज, वायपी जातीचं इंजिन. १९८४ ची दिवाळी, पहाट. एवढंच कागदाच्या पाकिटावर लिहिलंय.

शेडवरचा
वडील १९८४ ला मिरजेतच होते. पण फायरमन पुष्कळ होते, आणि फडका सगळेच धरायचे. त्यामुळे वडिलांचा म्हणून मी तो मागत नाही.

मात्र तो चढवाल तेव्हा खाली नुसतं 'वायपी, मिरज' लिहू नका. 'फायरमन, नाव माहीत नाही' असंही लिहा.

निगेटिव्हवाला
लिहितो. उरलेल्या तिघांच्या खालीही लिहितो. रविवारी स्कॅन करून आणतो. त्या हाताच्या फोटोत बाही कोपरापर्यंत दुमडलेली आहे, मोठा करून पाहा.