सासूबाईंचं 'येळ' आणि वहीतले लाल गोळे

उभादांड्याची सून:
मी मूळची पुण्याची. लग्न होऊन वेंगुर्ल्याजवळ उभादांड्याला आले त्याला नऊ वर्षं झाली. मुलगा दुसरीत. मागच्या आठवड्यात त्याच्या शुद्धलेखनाच्या वहीत लाल गोळेच गोळे: येळ, इचार, इकत, इंचू. सगळे आजीचे शब्द. खाली शेरा, 'घरी शुद्ध बोला.' सासूबाईंनी चष्मा लावून तो वाचला, वही मिटली आणि गप्प बसल्या.

तेव्हापासून मी कॅलेंडरच्या पाठीमागे त्यांचे शब्द टिपतेय. विळा त्यांच्या तोंडी 'इळो', विमान 'इमान', वेगळा 'येगळो', वेंगुर्ला 'येंगुर्ला'. पण वारा वाराच, वाट वाटच, आणि दिवसातून वीसदा 'वायच थांब', त्यातला व कुठेही हलत नाही. व बोलता येत नाही असं नाहीच. मग हे गबाळेपण कसं? यामागे काहीतरी हिशेब आहे असं मला वाटतं. कुणी सांगेल का?

भाषाविज्ञानाची वारकरी:
ताई, अर्धं काम तुम्हीच केलंय. यादीतला व कधी बदलतो ते बघा: पुढे इ किंवा ए असेल तरच. हे स्वर म्हणताना जीभ पुढे, टाळूकडे सरकते. य चीही जागा तीच. म्हणजे व आपल्या पुढच्या स्वराकडे बघून जागा बदलतो.

चॉम्स्की आणि हॅले या भाषाशास्त्रज्ञांचं इंग्रजीच्या ध्वनिव्यवस्थेवरचं पुस्तक १९६८ साली आलं. जनरेटिव्ह फोनॉलॉजीची रीत त्यातून रुळली: मनात शब्दाचं एक मूळ रूप, तोंडून निघतं ते दुसरं, आणि मध्ये क्रमाने लागणारे नियम. तुमच्याकडे दोन नियम पुरतात. पहिला, शब्दाच्या सुरुवातीला इ-ए पुढे आले की व चा य. दुसरा, इ पुढे असेल तर तो य गळतो. वेळ, येळ, इथे थांबलं. विचार, यिचार, इचार. क्रम उलटा लावलात तर गळायला य च नसेल आणि शेवटी 'यिचार' हाती येईल, जे तुमच्या सासूबाई कधीच म्हणणार नाहीत.

एक विचारते. वहिनीला त्या काय म्हणतात?

उभादांड्याची सून:
वैनी. अरे हो! लिहिताना मात्रा दिसतात, पण 'यैनी' नाही म्हणत.

भाषाविज्ञानाची वारकरी:
कारण ऐ ची सुरुवात अ ने होते. नियमाला कान असतात, डोळे नसतात.

निवृत्त संस्कृत शिक्षक, मालवण:
१९६८ कशाला? य आणि व यांचा एकत्र विचार पाणिनीने अष्टाध्यायीत करून ठेवला आहे. हरे + इह या संधीत आधी 'हरय् इह' होतं, मग शाकल्य या जुन्या वैयाकरणाच्या मते य गळून 'हर इह'. विष्णो + इह याचं तसंच, 'विष्णव् इह' मधला व गळून 'विष्ण इह'. आता अ आणि इ शेजारी आले, तर गुण (अ + इ = ए) होऊन 'हरेह' व्हायला हवं. होत नाही. कारण 'पूर्वत्रासिद्धम्', ८.२.१: तिथून पुढच्या सूत्रांचं काम आधीच्या सूत्रांना दिसतच नाही. लोपाचं सूत्र ८.३.१९, गुणाचं ६.१.८७. वारकरीताई ज्याला नियमांचा क्रम म्हणतात तो हाच. बाकी शाळेत 'वेळ'च लिहावं, या मताचा मी आहे.

देवबागचो झील:
सर, लिवायचा 'वेळ'च, पण 'घरी शुद्ध बोला' ह्या कित्याक? आणि उलट्या बाजूक पण बघा. आमच्याकडे 'एक' म्हणजे 'येक', आणि 'ओलो' म्हणजे 'वलो'. पुढच्या स्वराक य, मागच्या स्वराक व. सगळा जुळता मा?

शंकेखोर:
जुळतं, पण एक खोड काढतो. सासूबाईंच्या मनात 'विमान' आहे हे कशावरून? त्यांनी आयुष्यभर 'इमान'च ऐकलं असेल तर तेच साठवलं असणार, नियम वगैरे काही नाही. 'माणूस' चं 'माणसाला' होतं, एकाच शब्दाची दोन रूपं डोळ्यासमोर असतात, तिथे नियम मानावाच लागतो. व ची अशी जोडी दाखवा. मूळ रूप किती लांबचं मानायचं, हा प्रश्न भाषाशास्त्रज्ञ पॉल किपार्स्की यांनी १९६८ मध्येच उपस्थित केला होता आणि तो अजून मिटलेला नाही.

भाषाविज्ञानाची वारकरी:
शंका रास्त आहे. जोडी नसेल तर नवा शब्द देऊन बघायचा. संशोधक जीन बर्को यांनी १९५८ साली इंग्रजी बोलणाऱ्या मुलांना 'वग' नावाचा खोटा प्राणी चित्रात दाखवला आणि दोन असतील तर काय म्हणाल असं विचारलं. न ऐकलेल्या शब्दाचंही अनेकवचन मुलांनी बरोबर केलं. पाठांतराने ते जमलं नसतं.

उभादांड्याची सून:
केलं! मुलाने एक विचित्र मासा काढला. मी म्हटलं, आई, हा वेमकू. त्या म्हणाल्या, "हो येमकू खयच्या दर्यातलो?" दुसऱ्याचं नाव ठेवलं वामकू. तो वामकूच राहिला. वेफर 'येपर' झाले, वॉशिंग मशीन 'वाशिंग'च. पण व्हिडिओ 'हिडीव' झाला, तो कुठल्या नियमात बसतो ते तुम्ही बघा.

सासूबाई खूश आहेत. चिपीला विमान उतरताना दिसलं की मुद्दाम मोठ्याने 'इमान' म्हणतात आणि माझ्याकडे बघतात. एकदा म्हणाल्या, "इमान हा म्हणान तर सांगतंय."

एक भानगड मात्र झाली. मुलाने ठरवलंय की आजीच्या 'ये' चा शाळेत 'वे' करायचा. काल निबंधाची सुरुवात: 'वेका गावात वेक राजा होता.' पुन्हा लाल गोळे.

शंकेखोर:
ताई, ते पान फाडू नका. माझी शंका तुमच्या मुलाने मोडली. घरात 'वेक' त्याने कुणाच्या तोंडून ऐकलं असणार? फोटो टाका.