शब्दचर्चा: 'दावा अबेट झाला' म्हणजे फेटाळला का?

विचारणा: साठेखताच्या (विक्रीच्या आधीच्या कराराच्या) एका दाव्याच्या रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या तारीखवार नोंदीत, 'प्र. क्र. २ (प्रतिवादी क्रमांक २) मयत, त्याच्याविरुद्ध दावा अबेट' असा शेरा आहे. कोशात 'अबेटमेंट'ला 'उपशमन' सापडतं. म्हणजे दावा फेटाळला असं समजायचं का? आणि 'वारस लावणे'तला वारस व 'कायदेशीर प्रतिनिधी' एकच का?

दिवाणीवाला: नाही. फेटाळायला न्यायाधीशाला हुकूम करावा लागतो, अबेट व्हायला काहीच लागत नाही. पक्षकार वारल्यापासून ९० दिवसांत (मुदत कायदा, अनुच्छेद १२०) वारस लावण्याचा (मयताच्या जागी वारसांची नावं दाव्यात आणण्याचा) अर्ज आला नाही, की त्या पक्षकारापुरता दावा आपोआप पडतो. रोजनाम्यातला शेरा ही नुसती नोंद. मृत्यू ३ जानेवारी २०२५ चा असेल तर अर्जाचा शेवटचा दिवस ३ एप्रिल. मोजणी मृत्यूपासून होते, बातमी कळल्यापासून नाही. बहुतेकांची चूक इथेच होते, कारण समोरच्याच्या घरी काय घडलं ते वादीला कळतंच असं नाही. म्हणून १९७६ च्या दुरुस्तीने दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २२ मध्ये (खालचे नियमही त्यातलेच) नियम १०अ आला: आपला पक्षकार वारल्याचं कळलं की वकिलाने कोर्टाला कळवायचं. आपल्याकडे ते पुरसिस, म्हणजे लेखी निवेदन, देऊन कळवतात.

गुणदोषांवर निकाल झालेला नसला तरी त्याच कारणावरून नवा दावा आणता येत नाही (नियम ९). म्हणून 'दावा बंद पडला' हे भाषांतरही फसवं आहे, बंद पडलेलं नव्याने सुरू करता येईल असं वाटतं.

शब्दवेडी: 'उपशमन' वाचून मला पित्ताचं शमन आठवतं. ताप उतरावा तसा दावा उतरला! बाकी संस्कृतात 'शमन' हे यमाचंही नाव आहे, तेव्हा शब्द अगदीच चुकलेला नाही.

दिवाणीवाला: वा! पण वकिलांच्या बारमध्ये 'उपशमन' म्हणालात तर दोनदा सांगावं लागेल. तिथे 'अबेट'च चालतं.

वारसाचं म्हणाल तर, व्यवहारात 'वारस लावणे' म्हणतात, पण कायद्यातला 'प्रतिनिधी' जास्त रुंद आहे. मृत्युपत्राने जमीन मिळालेला भाचा हिंदू वारसा कायद्याने मुलांच्या पुढे वारस नसेल, प्रतिनिधी मात्र असतो. मयताच्या मिळकतीत हात घालून बसलेला माणूसही दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम २(११) च्या व्याख्येत येतो. वारस कोण यावर भांडण असेल तर कोर्ट नियम ५ खाली ठरवतं, पण ते त्या दाव्यापुरतं. त्याने मालकी ठरत नाही.

विचारणा: मग साठेखत लिहून देणाराच गेला तर साठेखत संपलं?

दस्तलेखक: साठेखत देणाऱ्यासोबत जळत नाही. वारसांना खरेदीखत करून द्यावं लागतं (विनिर्दिष्ट अनुतोष कायदा, कलम १९). संपतं ते साधं कुळमुखत्यारपत्र. देणारा गेल्यावर त्यावर केलेलं खरेदीखत वादात अडकतं. घेणारा गेला तर त्याचे वारस दावा पुढे चालवतात, पण उरलेली रक्कम द्यायची तयारी त्यांनाही दाखवावी लागते.

देणारे चार भाऊ असतील आणि एकाचे वारस लावायचे राहिले, तर हुकूमनामा तुकड्यांत देता येत नाही म्हणून अख्खा दावा धोक्यात येतो. त्या भावाचा एखादा वारस आधीच प्रतिवादी असेल तर बहुधा निभावतं.

दिवाणीवाला: ९० दिवस उलटले तर पुढे ६० दिवस असतात, अबेटमेंट रद्द करून घ्यायला (अनुच्छेद १२१). म्हणजे १५० दिवसांनंतर मुदत कायद्याच्या कलम ५ खाली विलंबमाफीचा अर्जही जोडा, मृत्यू कधी आणि कसा कळला ते तारखेनिशी लिहून. नुसता वारस लावण्याचा अर्ज दिला असेल तर त्यातच अबेटमेंट रद्द करण्याची विनंती आहे असं धरता येतं, हे सर्वोच्च न्यायालयाने २००३ साली साठेखताच्याच एका दाव्यात म्हटलंय. तरी तिन्ही विनंत्या लिहाव्यात. दुरुस्ती मंजूर झाली की दावाअर्जात नावाच्या जागी 'मयत तर्फे वारस २अ, २ब' येतं, आणि वारसांना समन्स काढावं लागतं.

शब्दवेडी: 'दरखास्त अबेट झाली' असंही ऐकलंय.

दिवाणीवाला: ते चूक. हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीला म्हणजे दरखास्तीला ही ९० दिवसांची अट लागू नाही (नियम १२). तसंच, दाव्याची सुनावणी पुरी होऊन फक्त निकाल राहिला असताना कोणी वारलं तरी अबेटमेंट नाही (नियम ६). म्हणून तुमच्या रोजनाम्यात मृत्यूची तारीख आणि युक्तिवाद संपल्याची तारीख आधी जुळवून पाहा, शेऱ्याचं मग.