वाटाड्या न घेता पितळखोरे, गौताळा, वेरूळ, अजिंठा: जमेल का? जमलं तरी असं जावं का?

आडवाट (नाशिक)

डिसेंबरात आम्ही चौघं, म्हणजे मी, नवरा, माझी आई आणि सातवीतली मुलगी, स्वतःची गाडी घेऊन निघतोय. नाशिकहून मालेगावमार्गे चाळीसगाव, पाटणादेवी, मग कन्नडचा घाट चढून पितळखोऱ्याची लेणी आणि गौताळा अभयारण्य, जमलं तर अंतूर किल्ला, पुढे वेरूळ, दौलताबाद आणि शेवटी अजिंठा. सहल कंपनी नाही, वाटाड्याही नाही. यावरून घरात दोन तट पडलेत, म्हणून इथे विचारतेय.

आधी माझी बाजू. काही वर्षांपूर्वी एका सहल कंपनीबरोबर अजिंठ्याला गेले होते. तीस लेण्यांना मिळून दीड तास. सव्विसाव्या लेण्यात बुद्धाच्या महापरिनिर्वाणाचं शिल्प आहे, जवळजवळ सात मीटर लांब. उशीवर टेकलेल्या त्या चेहऱ्यापाशी मी पोचते न पोचते तोच बाहेरून शिट्टी वाजली. खाली शोक करणारे शिष्य आणि वर त्याचं स्वागत करायला जमलेले देवगण, हे सगळं मी घरी आल्यावर पुस्तकातल्या फोटोत पाहिलं. जिथे प्रत्यक्ष उभी होते तिथलं फोटोत बघावं लागलं, ते अजून सलतं.

म्हणून यंदा वेळ माझ्या हातात हवाय. रोज एकच मोठं ठिकाण. वेरूळ मंगळवारी बंद असतं आणि अजिंठा सोमवारी, ते सांभाळून दिवस लावलेत. वाचन घरी करायचं आणि तिथे नुसतं बघायचं. वाटाड्या बोलायला लागला की आपण त्याच्या तोंडाकडे बघतो, दगडाकडे बघायचं राहून जातं. तयारी करून गेलेल्या माणसाला वाटाड्या लागत नाही, असं माझं स्पष्ट मत आहे.

नवरा म्हणतो, "तू जे वाचलंस तेवढंच तुला दिसेल." तुम्हाला काय वाटतं?

लालडबा

गाडी तरी कशाला? चाळीसगावला रेल्वेने उतरा, तिथून कन्नड आणि संभाजीनगरकडे एसट्या आहेत. वेरूळ, दौलताबाद, अजिंठा तिन्ही एसटीच्या वाटेवर. शेजारी बसलेली बाई तुम्हाला त्या मुलखाबद्दल जे सांगेल ते कुठल्याच वाटाड्याला येणार नाही. पितळखोऱ्याला मात्र एसटीने पोचणं कठीण, हे कबूल.

कन्नडकर

ताई, आमच्या भागात येताय, आनंद आहे. पण तुमच्या मताला माझा विरोध आहे आणि तो सविस्तर मांडतो.

पितळखोऱ्याचंच घ्या. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकापासूनची लेणी. कडा उतरून आत गेलात की चौथ्या लेण्याच्या ओट्यावर कोरलेली हत्तींची रांग दिसते. ती कुणालाही दिसते. दाराचे भालाधारी द्वारपालही दिसतात. पण तिथेच पायऱ्यांजवळ पाच फण्यांचा एक नाग कोरलेला आहे. वरच्या कातळातून वाट खोदून पाणी आणायचं आणि ते या नागाच्या फण्यांतून खाली पडायचं, अशी ती योजना होती. डिसेंबरच्या कोरड्या दिवसांत तिथे उभं राहणाऱ्याला दिसतो फक्त एक नाग, तोही झिजलेला. माझा मामेभाऊ लहानपणापासून दहा वेळा तिथे गेलाय. मी बोट धरून पाण्याची वाट दाखवली तेव्हा तो मटकन खालीच बसला.

खांबांवर ब्राह्मीत लेख आहेत. पैठणच्या मितदेव नावाच्या गंधिकाच्या, म्हणजे सुगंधी द्रव्यांच्या व्यापाऱ्याच्या घराण्याने दिलेलं दान. मगिल नावाच्या राजवैद्याचं आणि त्याच्या कुटुंबाचं दान. कुठे पैठण आणि कुठे ही सातमाळ्याची दरी! इथून घाट उतरून खानदेशात जाणारी व्यापारी वाट होती, म्हणून ती माणसं इथे दान देऊन गेली. हे तुम्ही घरी वाचाल हो, पण तो लेख नेमका कुठल्या खांबावर, किती उंचीवर, कुठल्या वेळी उजेड तिरपा पडला की अक्षर उठून दिसतं, हे पुस्तक सांगत नाही.

दुसरा मुद्दा मला जास्त महत्त्वाचा वाटतो. स्वतःची गाडी घेऊन येणारी माणसं नाशिकला नाहीतर पुण्याला डिझेल भरतात. डबा घरचा, पाणी घरचं, रात्री मुक्काम संभाजीनगरच्या हॉटेलात. गावातून गाडी जाते आणि गावाला उरतो धुरळा. गावातल्या एका पोराला दिवसभर बरोबर घेतलंत तर त्याला त्या लेण्याशी आपला काही संबंध आहे असं वाटायला लागेल. नाहीतर भिंतीवर बदाम आणि नावं कोरणारे हात वाढतच राहणार. कायद्याने त्याला दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड आहे, पण त्या दरीत तो कायदा राबवायला असतं कोण?

वेरूळवेडी

कन्नडकर, तुमच्या कळकळीबद्दल आदर आहे. पण सगळे वाटाडे तुमच्यासारखे नसतात, हे अनुभवाने सांगते. मी इतिहास शिकवायचे, तीस वर्षं मुलांना घेऊन वेरूळला गेले. कैलास लेण्यात माझ्यासमोर एकाने सांगितलं की हे पांडवांनी एका रात्रीत कोरलं. दुसऱ्याने सांगितलं की हे माणसाच्या हातचं कामच नाही. माझ्या विद्यार्थ्यांनी ते मान डोलावून ऐकलं आणि मी वर्गात महिनाभर शिकवलेलं एका मिनिटात पुसलं गेलं. राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण, आठवं शतक, छिन्नी आणि हातोडा. वरून खाली कोरत गेलेल्या त्या शेकडो हातांचं श्रेय आपण कुणा दुसऱ्याला देतो, याचा मला मनापासून राग येतो.

शासनमान्य ओळखपत्र असलेले वाटाडे वेगळे, त्यांतले काही फार व्यासंगी आहेत. पण तेही बहुतेकांना दहावं, सोळावं आणि बत्तिसावं दाखवून दोन तासांत मोकळे होतात. चौतीस लेण्यांपैकी तीन!

आडवाट, तुम्ही वाटाड्याशिवायच जा. वेरूळची लेणी पश्चिमेला तोंड करून आहेत, म्हणून दुपारनंतर उन्हं आत शिरतात. सकाळी दौलताबाद करा, जेवून वेरूळ गाठा. जैन लेण्यांपासून उलट्या दिशेने सुरुवात करा म्हणजे गर्दी तुमच्या विरुद्ध बाजूला राहील. दहाव्या लेण्यात नुसतं बसा. छताला दगडाच्या फासळ्या कोरल्यात. लाकडी छपराला जशा तुळया असतात, तशाच. दगडाला त्यांची काहीच गरज नव्हती. सुताराच्या हाताची सवय पाथरवटाने जपली. हे बघायला शांतताच लागते, शेजारी बोलणारा माणूस असला की हे निसटतं. आणि कैलास लेणं बाजूच्या टेकाडावरून, जिथवर जाऊ देतात तिथवर चढून, वरून बघा. कळसापासून खाली येणं म्हणजे काय ते त्याशिवाय उमगत नाही.

दगडधोंडे

लेण्यांचं तुम्ही ठरवा. मला गौताळ्याबद्दल बोलायचंय, कारण वरच्या सगळ्या चर्चेत अभयारण्य म्हणजे दोन लेण्यांमधला रस्ता असल्यासारखं झालंय.

गौताळा औट्रमघाट हे १९८६ पासून अभयारण्य आहे, सुमारे २६० चौरस किलोमीटर, संभाजीनगर आणि जळगाव अशा दोन जिल्ह्यांत पसरलेलं. बिबटे आहेत, अस्वलं आहेत. २०२१ मध्ये यवतमाळच्या टिपेश्वरहून शेकडो किलोमीटर चालत आलेला वाघ इथे कॅमेऱ्यात टिपला गेला. कित्येक दशकांनी या डोंगरात वाघ आला. तो शेतं, रस्ते, रेल्वेचे रूळ ओलांडत आला आणि आपण त्याच्या घरातून गाणी लावून, काचा खाली करून, फोटो काढायला दर वळणावर थांबत जाणार?

मी खडक बघत हिंडणारा माणूस आहे, मलाही वेळ माझ्या हातात लागतो. पण जंगलात "आपल्या सोयीने" चालत नाही. तिथे वनरक्षकाच्या सोयीने, खरं तर जनावरांच्या सोयीने वागायचं. गाडीचा वेग तीसच्या आत, हॉर्न नाही, अंधार पडायच्या आत बाहेर. हे पाळायचं नसेल तर स्वतःची गाडी आत नेऊच नये.

कन्नडकर, खडकाबद्दल एक जोडतो. पितळखोऱ्याचा थर अजिंठा-वेरूळच्या मानाने भुसभुशीत. पाणी मुरतं, पापुद्रे सुटतात, पुढचे दर्शनी भाग कोसळलेत ते त्यामुळेच. म्हणून तिथे हात लावून बघायचा मोह टाळावा. मुलांना आधीच सांगून ठेवा.

चाकांचा आधार

माझे वडील तीन वर्षांपासून काठी घेऊन चालतात. त्यांना "एसटीने जा" किंवा "दरीत उतरा" म्हणणं सोपं आहे. स्वतःची गाडी होती म्हणून त्यांनी दौलताबादचा बाहेरचा कोट, चांद मिनार आणि भारतमाता मंदिर आरामात पाहिलं. अंधारी, म्हणजे किल्ल्यातली काळोखी भुयारी वाट, आणि वरचा किल्ला आम्ही पाहिला, तोवर ते खाली सावलीत चहा पीत बसले. गटाबरोबर गेलो असतो तर ते बसमध्येच बसून राहिले असते.

आडवाट, तुमच्या आई बरोबर आहेत म्हणून सांगतो: अजिंठ्याला स्वतःची गाडी लेण्यांपर्यंत जात नाही. फर्दापूरच्या तिठ्यावर ती ठेवायची, तिथून चारेक किलोमीटर बसने. मग पायऱ्या. डोली मिळते, दर आधी ठरवून घ्या. बाबांना आधी संकोच वाटला, पण पहिल्या लेण्यातलं पद्मपाणी बोधिसत्त्वाचं चित्र बघून ते डोलीवाल्यांचे हात हातात घेऊन उभे राहिले.

दौलताबादच्या अंधारीत मात्र माहीतगार हवाच. तो मशाल विझवतो तेव्हा शत्रूची काय गत होत असेल ते कळतं.

आडवाट (नाशिक)

सगळ्यांचं दोनदा वाचलं.

कन्नडकर, नागाबद्दल वाचून गप्प झाले. पितळखोऱ्याच्या माझ्या टिपणांत यक्ष आहे. तळहातावर कान्हदास सोनाराचं नाव असलेला, आता दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे तो. सोनाराने दगड घडवला, म्हणून तो मला फार आवडला होता. पण माझ्या टिपणांत नाग नाही. नवऱ्याने हे वाचून काहीच म्हटलं नाही, तेच जास्त लागलं.

पितळखोऱ्याला कुणीतरी बरोबर घेऊ. मुक्काम संभाजीनगरऐवजी कन्नडला करू, जेवणही तिथेच. एवढं तुमचं मान्य.

पण माझा मूळ मुद्दा सोडत नाही. पाटणादेवीला गणिती भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांच्या ग्रंथांच्या अभ्यासासाठी मठ काढला होता. त्याचा तेराव्या शतकाच्या सुरुवातीचा शिलालेख भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. माझी मुलगी महिनाभर त्याबद्दल वाचतेय, गणितं सोडवतेय. तिला तिथे जे वाटेल ते तिचं तिला वाटू द्यायचंय. कुणी आधीच तोंडात घास भरवला तर चव कशी कळणार? वेरूळ आणि अजिंठा आम्ही आमचेच बघणार.

दगडधोंडे, वेगाचं आणि हॉर्नचं पटलं. गाणी बंद.

लालडबा

अंतूर सोडू नका. किल्ल्याच्या वाटेवर निजामशाही काळातला एक दगडी खांब आहे, कुठली वाट कुठल्या गावाला जाते ते त्यावर फारसीत कोरलंय. त्या काळी वाटसरूला वाट विचारायला माणूस नसेल तर दगडाने सांगावं, अशी सोय होती. म्हणजे दोन्ही बाजूंचं म्हणणं जुनंच आहे.

कन्नडकर

ताई, अजिंठ्याबद्दल तुमचं मला अजून पटलेलं नाही, पण ते तिकडच्या लोकांनी सांगावं.

पितळखोऱ्यापुरतं सांगतो. सकाळी आठच्या आत कड्यावर पोचा. कन्नडलाच डिझेल आणि पाणी भरून घ्या, पुढे फोनला रेंज धड मिळत नाही, म्हणून नकाशा आधी उतरवून ठेवा. शेवटच्या गावात गाडी थांबवून देवळापाशी विचारलंत की कुणी ना कुणी यायला तयार होतो. त्याला वाटाड्या म्हणू नका, नुसतं "चल, दाखव" म्हणा. किती द्यायचे ते निघायच्या आधी बोला, म्हणजे परतताना दोघांनाही अवघड होत नाही. पायऱ्या बऱ्याच आहेत. आईंना वर थांबायचं असेल तर तिथूनही दरी छान दिसते, पण टोपी आणि बसायला सतरंजी असू द्या.

आणि एक, हे प्रत्येकाला सांगतो. कड्याला आग्या मोहोळं असतात. त्या दिवशी अत्तर, सेंट, सुगंधी तेल काही लावू नका, खाली चूल-शेगडी पेटवू नका, आरडाओरडा नको. मुलीला गडद भडक कपड्यांऐवजी साधे फिके घाला. नाग बघायचा असेल तर चौथ्या लेण्याच्या पायऱ्या चढायच्या आधीच थांबा. एकदा वर गेलं की मान मागे वळत नाही.