लातिनोविच झोल्टान: 'सिंदबाद' बघितला, आता पुढे काय बघू?

मीनल_क:
परवा फिल्म क्लबमध्ये हंगेरियन दिग्दर्शक हुसारिकचा 'सिंदबाद' (1971) बघितला आणि तेव्हापासून त्यातला नट डोक्यातून जातच नाहीये. लातिनोविच झोल्टान (हंगेरीत आडनाव आधी लावतात). तो हॉटेलातला जेवणाचा सीन आठवा, नळीचं हाड आपटून आतला मगज टोस्टवर काढतो आणि खाता खाता वेटरशी गप्पा चालल्यात, आयुष्यभर मजा केलेला माणूस आता थकलाय हे नुसत्या जेवणातून कळतं. हा लेखकही होता म्हणे. कोणी अजून काही बघितलंय, वाचलंय का?

अनिकेत_रंगमंच:
मीनल, त्या सीनला एक पार्श्वभूमी आहे. बुडापेस्टचं प्रसिद्ध गुंडेल रेस्टॉरंट ज्यांच्या नावाने आहे ते कारोय गुंडेल त्याचे आईकडचे आजोबा! झोल्टानचा जन्म 1931 चा. अभिनयाच्या शाळेत कधी गेलाच नाही, आर्किटेक्टची डिग्री घेतली 1956 मध्ये आणि त्याच वर्षी थेट डेब्रेत्सेनच्या थिएटरात दाखल झाला, मग मिश्कोल्त्स आणि नंतर बुडापेस्टचं विगसिनहाझ थिएटर. तिथे एवा रुत्काईबरोबर रोमिओ केला, प्रत्यक्षातही ती त्याची जोडीदार होती. 'सिंदबाद'मध्ये पण आहे ती, परत बघताना लक्ष ठेव.

सुहास_जोशी:
पुढचा सिनेमा 'इश्टेन होझ्ता, ओर्नाद्य उर' बघा, फाब्रीचा, 1969 चा. एर्केन्यच्या नाटकावरून केलाय आणि मूळ नाटकातही मेजर त्यानेच केला होता. युद्धावरून रजेवर आलेला मेजर एका गरीब कुटुंबाकडे राहायला येतो, त्यांचा मुलगा त्याच्या हाताखाली असतो म्हणून घरचे त्याचं सगळं ऐकतात, रात्र रात्र जागून पुठ्ठ्याचे खोके करत बसतात. आणि मुलगा आधीच गेलेला असतो, पोस्टमनने ती बातमी दिलेलीच नसते!! इथे त्याच्यातली सिंदबादची सगळी नजाकत गायब, नुसत्या नसा ताणलेला माणूस दिसतो, आवाज जरा चढला की पूर्ण घर दचकतं. माझ्या मते हेच त्याचं सगळ्यात मोठं काम.

प्राजक्ता_वाचते:
लेखनाबद्दल सांगते. 'कोदसुर्कालो' हे त्याचं पुस्तक 1973 ला आलं, त्यात नटाचं काम, थिएटरची अवस्था, स्वतःचा राग आणि स्वतःकडूनच्या अपेक्षा असं सगळं एकत्र आहे, तयारी न करता स्टेजवर उभं राहणाऱ्या लोकांचा त्याला भयंकर त्रास व्हायचा आणि ते तो स्पष्ट लिहायचा, त्यामुळे भांडणंही खूप झाली. वेस्प्रेमच्या थिएटरात जाऊन दिग्दर्शनही केलं. कवितावाचनावरचं त्याचं लिखाण तो गेल्यावर पुस्तकरूपात आलं. त्याची अदी आणि अत्तिला योझेफ यांच्या कवितांची रेकॉर्डिंग्ज जरूर ऐका, भाषा न कळताही श्वास कुठे घेतो, कुठल्या शब्दावर थांबतो हे कळतं, आणि नाटक करणाऱ्यांनी तर ऐकायलाच हवीत.

मीनल_क:
खूप आभार सगळ्यांचे! तो गेला कसा, त्याबद्दल नेटवर बरंच उलटसुलट आहे.

प्राजक्ता_वाचते:
4 जून 1976, बालातोनसेमेशला रेल्वेखाली. वय फक्त 44. अपघात की आत्महत्या यावर अजून वाद चालू आहे आणि अत्तिला योझेफ जवळच्याच बालातोनसार्सोला 1937 मध्ये असाच रेल्वेखाली गेला होता, त्यामुळे लोक दोन्ही जोडून दंतकथा करतात. मला ते खरंच खटकतं गं. ज्याने कवितेच्या एकेका ओळीवर एवढा जीव लावला त्याच्याबद्दल बोलताना निम्मी चर्चा शेवटच्या दिवसावरच होते. कोशुत पुरस्कार (हंगेरीचा मोठा सरकारी पुरस्कार) सुद्धा जिवंतपणी दिला नाही, 1990 मध्ये मरणोत्तर दिला.

सुहास_जोशी:
प्राजक्ताताईंशी पूर्ण सहमत. मीनल, मेजर बघून झाला की यान्चोचा 'सेगेन्यलेगेन्येक' (1966) घ्या. त्यात हा बऱ्याच कैद्यांपैकी एक आहे, रोल छोटा आहे, पण गर्दीत तो नुसता उभा कसा राहतो तेवढं बघा आणि इथे लिहा.