कुंडीतल्या लिंबाची फुलगळ आणि ब्रश

मधमाश्या फिरकत नाहीत म्हणून कुंडीतल्या लिंबाची फुलं गळतात, तेव्हा ब्रशने हातानेच पराग लावा, असा बऱ्याच जणांचा सूर दिसतोय. मला नाही पटत. लिंबाच्या पूर्ण फुलात पुंकेसर (नर भाग) आणि स्त्रीकेसर (मादी भाग) दोन्ही असतात, त्यामुळे झाड एकटं असलं तरी फळ धरतं. आणि फुलं गळायचीच. चांगल्या निरोगी झाडावरही त्यातली थोडीच टिकतात.

एखादं ताजं गळलेलं फूल उचलून पाकळ्या बाजूला करून बघा. मधोमध हिरवट दांडी आणि तिच्या टोकाला चिकट गोळी, म्हणजे स्त्रीकेसर, असेल तर फूल पूर्ण आहे. दांडी खुरटलेली किंवा गायबच असेल, तर ते नुसतं नर फूल. त्यावर दिवसभर ब्रश फिरवलात तरी लिंबू लागणार नाही!

झाड बंद खिडकीच्या आत असेल तर मात्र हाताने परागीकरण करून बघायला हरकत नाही. मऊ, कोरडा ब्रश आधी पिवळ्या परागांवर फिरवायचा, मग त्या चिकट गोळीवर हलकेच टेकवायचा. बस्स.

माझ्या मते खरी गडबड बहुतेकदा पाण्याची असते. माती पार सुकू द्यायची आणि मग एकदम बदाबदा ओतायचं, की मोहरीएवढी धरलेली फळंही जातात. नत्राचं खत जास्त झालं तर नुसता पाला माजतो. आणि हो, कलमाच्या जोडाखालून फुटवे येत असतील तर ते काढून टाका. ते खुंटाचे, म्हणजे ज्या रोपावर कलम बांधलंय त्याचे असतात, फुकट जोर खातात.