नाव ठाऊक नसलेल्या ओळखीच्या माणसाची चौकशी कशी करावी?

प्रश्न (अनगोळ):
मी रोज सकाळी बेळगावातल्या अनगोळहून सिटी बसने सीबीटी बसस्थानकावर जाते. ११ जून २०२३ रोजी कर्नाटक सरकारची शक्ती योजना सुरू झाल्यापासून आम्हा बायकांना शून्य तिकीट, म्हणजे मोफत प्रवास, मिळतो आणि गर्दीही बरीच वाढली आहे. त्या गर्दीत आधीच्या थांब्यावर चढलेल्या एक मावशी मला पाहताच "बर्री, कुंदर्री" (या, बसा) म्हणत भाजीची बुट्टी (टोपली) मांडीवर घेतात आणि शेजारी जागा करून देतात. त्या कन्नड बोलतात, मी मराठी बोलते; तरीही माझ्या मुलीची दहावी त्यांना ठाऊक आहे आणि त्यांच्या गुडघ्याचे दुखणे मला. नाव मात्र दोघींनीही कधी विचारले नाही. गेले १२ दिवस त्या दिसल्या नाहीत. कंडक्टरांकडे चौकशी करणे आगाऊपणाचे ठरेल का?

उत्तर (शहापूर):
अवश्य करा. माझे वडील गणपत गल्लीत रोज फुले घेत असत. शस्त्रक्रियेमुळे त्यांचे जाणे थांबले, तेव्हा फुलवाल्या बाईंनी आमच्या ओळखीच्या एका दुकानदाराला "काठीवाले आजोबा बरे आहेत ना?" असे विचारले. तो निरोप ऐकून वडील बराच वेळ काही बोलले नाहीत. दुसऱ्या दिवशी मात्र त्यांनी स्वतःहून काठी मागितली.

उत्तर (टिळकवाडी):
कंडक्टरांची फेरी बदलत असते, त्यामुळे मावशी उतरून जिथे भाजी विकायला बसतात तिथल्या भाजीवाल्या बायकांना विचारणे अधिक बरे. घर कुठे, फोन नंबर काय, हे विचारू नये. फक्त आपला निरोप ठेवावा.

उत्तर (खानापूर):
सध्या आमच्याकडे भाताच्या रोप लावणीचे दिवस आहेत आणि पुष्कळ बायका गावी गेल्या आहेत, तेव्हा आधी आजारपणाचीच शंका घेऊ नका. इतक्या दिवसांत दोघींनी नाव विचारले नाही, हे मात्र मला पटले नाही.

प्रश्नकर्ती (अनगोळ):
सर्वांचे आभार. आज बाजारात गुडघ्याची खूण सांगताच एका बाईंनी ओळखले. मावशी लेकीच्या बाळंतपणासाठी बैलहोंगलला गेल्या आहेत. नात झाली आहे. जाण्यापूर्वी त्यांनीही या बाईंना, "त्या दहावीच्या पोरीची आई आली तर सांग," असे बजावून ठेवले होते. मी मेथीची जुडी घेतली आणि मावशींचे नाव विचारून आले.